खटला दुसऱ्या न्यायालयात वर्ग करून घेण्याची सोय: एक परीक्षण

समोरच्या न्यायाधीशांकडून आपल्याला निःपक्षपाती न्याय मिळणार नाही अशी भीती ज्या फिर्यादीला किंवा आरोपीला वाटते, त्याच्यासाठी कायद्याने खटला दुसऱ्या न्यायालयात वर्ग करून मागण्याची सोय ठेवली आहे. पूर्वी ती फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४०६ ते ४०८ मध्ये होती आणि १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४४६ ते ४४८ मध्ये आहे. पक्षकारांचे असे अर्ज तयार करण्याच्या कामातून मी ही सोय जवळून पाहत आलो आहे. माझ्या मते ती मोलाची आहे, परंतु तिची सर्वांत उपयोगी पायरी लोक सर्वांत कमी वापरतात.

ही पायरी म्हणजे सत्र न्यायाधीशांकडे करायचा अर्ज. खटला एकाच सत्र विभागातील (साधारणपणे एका जिल्ह्यातील) एका न्यायालयातून दुसऱ्यात न्यायचा असेल, तर आधी येथेच जावे लागते आणि येथे अर्ज फेटाळला गेला तरच उच्च न्यायालयाचा दरवाजा उघडतो. एका जिल्ह्यातून दुसऱ्या जिल्ह्यात खटला नेण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आणि एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेण्याचा सर्वोच्च न्यायालयाला आहे. अनेक पक्षकार ‘थेट हायकोर्टात जाऊ’ असा आग्रह धरतात. मात्र जिल्ह्याच्या ठिकाणी आपलाच वकील उभा राहू शकतो, खर्च आटोक्यात राहतो आणि खटला वर्ग झाला तरी साक्षीदारांना फार दूर जावे लागत नाही.

अर्ज टिकेल की नाही, हे भीतीच्या स्वरूपावर ठरते. सर्वोच्च न्यायालयाने गुरुचरण दास चढ्ढा यांच्या प्रकरणात सांगितले की न्याय हमखास बिघडणारच आहे हे अर्जदाराने सिद्ध करण्याची गरज नाही; त्याच्या मनात तशी भीती आहे आणि परिस्थिती पाहता ती वाजवी आहे, एवढे दाखवणे पुरेसे आहे. न्यायाधीशांच्या मनात काय आहे हे सिद्ध करणे कोणालाच शक्य नसते, त्यामुळे हा निकष मला अतिशय माणुसकीचा वाटतो. मात्र तो सैलही नाही. मुंबईतील न्यायालयात राणी जेठमलानी यांनी दाखल केलेला बदनामीचा खटला बाहेर हलवण्याची मनेका गांधी यांची मागणी १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फेटाळली आणि अतिसंवेदनशीलता किंवा गैरसोय यांच्या आधारावर खटला हलवता येणार नाही, असे स्पष्ट केले. आपला एखादा अर्ज नामंजूर झाला, म्हणून न्यायाधीश पूर्वग्रहदूषित ठरत नाहीत; त्या आदेशाविरुद्ध वरच्या न्यायालयात जाण्याचे मार्ग वेगळे आहेत.

ही सोय बलवान पक्षाच्या हातीही तेवढ्याच सहज येते, याची मला चिंता वाटते. २०२२ मध्ये दिल्लीचे तत्कालीन मंत्री सत्येंद्र जैन यांच्या जामीन अर्जावर दिल्लीत सुनावणी चालू असताना सक्तवसुली संचालनालयाने न्यायाधीशांच्या निःपक्षपातीपणाबद्दल शंका घेतली आणि प्रकरण दुसऱ्या न्यायाधीशांकडे गेले. दिल्ली उच्च न्यायालयानेही तो निर्णय कायम ठेवला. प्रश्न न्यायाधीशांच्या सचोटीचा नसून पक्षकाराच्या मनातील भीतीचा आहे, अशी त्यामागील भूमिका होती. तत्त्व जुनेच असले, तरी कोठडीतील माणसाचा जामीन अर्ज लांबत असताना तपास यंत्रणेची भीती सामान्य फिर्यादीच्या भीतीपेक्षा अधिक कठोरपणे तपासली जावी, असे माझे ठाम मत आहे.

दुसऱ्या बाजूला, ही सोय नसती तर काय झाले असते, हे २००२ च्या गुजरात दंगलीतील बेस्ट बेकरी हत्याकांडाचे प्रकरण दाखवते. वडोदऱ्याच्या न्यायालयाने २००३ मध्ये सर्व २१ आरोपींना निर्दोष सोडले होते. सर्वोच्च न्यायालयाने १२ एप्रिल २००४ रोजी फेरखटला महाराष्ट्रात चालवण्याचा आदेश दिला आणि मुंबईत माझगावच्या न्यायालयाने २००६ मध्ये नऊ जणांना दोषी ठरवले. त्यांपैकी पाच जण पुढे उच्च न्यायालयातून सुटले, हेही येथे नोंदवले पाहिजे, कारण न्यायालय बदलून शिक्षेची हमी मिळत नाही. पुरावा नीट ऐकला जाण्याची संधी मिळते.

अर्जासोबत शपथपत्र लागते आणि खरी अडचण तेथे सुरू होते. न्यायाधीश भर न्यायालयात जे बोलतात, ते रोजनाम्यात, म्हणजे न्यायालयाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीत, उतरतेच असे नाही. म्हणून आक्षेपार्ह काही घडले, तर त्याच दिवशी वकिलांमार्फत पुरसीस (न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन) देऊन ते कागदावर आणावे आणि नक्कल विभागातून संबंधित तारखांच्या रोजनाम्याच्या प्रमाणित प्रती घ्याव्यात. आरोपीने उच्च न्यायालयात अर्ज केला असेल, तर सरकारी वकिलांना कारणांच्या प्रतीसह लेखी नोटीस द्यावी लागते आणि त्यानंतर किमान २४ तास उलटल्याशिवाय गुणदोषांवर आदेश होत नाही. अर्ज निरर्थक किंवा केवळ त्रास देण्यासाठी केलेला आढळल्यास विरुद्ध पक्षाला भरपाई द्यावी लागू शकते. जुन्या संहितेत उच्च न्यायालयापुढील अशा अर्जासाठी भरपाईची कमाल मर्यादा १,००० रुपये होती. नव्या संहितेत उच्च न्यायालय योग्य वाटेल ती रक्कम ठरवू शकते.

सर्वांत मोठा दोष स्थगितीचा आहे. अर्ज दाखल झाला म्हणजे खालचा खटला आपोआप थांबत नाही. उच्च न्यायालयाला आवश्यक वाटले तरच ते स्थगिती देते. तोपर्यंत ज्यांच्यावर शंका घेतली आहे, त्याच न्यायाधीशांपुढे पक्षकाराला उभे राहावे लागते आणि प्रसंगी महत्त्वाच्या साक्षीदाराची उलटतपासणीही तेथेच उरकते. आपोआप स्थगिती दिली तर लांबण लावण्यासाठी अर्जांचा पाऊस पडेल, हे मला मान्य आहे. त्यामुळे निदान सत्र न्यायाधीशांपुढील अर्ज ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचे बंधन घातले जावे आणि तेवढ्या काळात मुख्य साक्षीदाराची साक्ष पुढे ढकलली जावी.