बढती रखडली: निवेदन देत थांबायचं की पर्वरी गाठायची?

गोव्यात सरकारी नोकरीत आहात, वरचं पद रिकामं, सेवाज्येष्ठता यादीत तुमचं नाव पहिलं, आणि डीपीसीची (बढतीसाठी नावं ठरवणाऱ्या खात्याच्या समितीची) बैठक काही लागत नाही. ‘कोर्टात जाऊ का?’ याआधी स्वतःला एकच विचारा: निवृत्तीला किती उरलं?

कारण सर्वोच्च न्यायालयाचा नोव्हेंबर २०२४ चा निकाल. पश्चिम बंगालच्या एका अधिकाऱ्याची शिफारस लोकसेवा आयोगाने केली होती, पण डिसेंबर २०१६ अखेर तो निवृत्त झाला आणि मंजुरी आली जानेवारी २०१७ मध्ये. चूक प्रशासनाची, तरी मागील तारखेपासून बढतीचा लाभ मिळाला नाही. म्हणजे दहा वर्षं हाताशी असलेल्याला जो धीर परवडतो, तो शेवटच्या वर्षातल्याला परवडत नाही.

निवेदनाला पैसे लागत नाहीत, खातेप्रमुखाशी वाकडं येत नाही, आणि याचिकेआधी ते लागतंच. मागणीच केली नव्हती, असं सरकारी वकिलाला म्हणता येऊ नये. पण एकच नीट द्या आणि आवक शिक्क्याची प्रत जपा. दर सहा महिन्यांनी नवं निवेदन दिलं की मुदत वाढते, हा कँटीनमधला कायदा आहे. जुन्या दाव्याला उशिरा उत्तर मिळालं म्हणून तो पुन्हा जिवंत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये स्पष्ट केलंय.

याचिका कुठे, हे मालक कोण त्यावर. राज्य सरकारी कर्मचारी पर्वरीला, म्हणजे मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाकडे, राज्यघटनेच्या कलम २२६ खाली. तिथे ठरावीक मुदत नाही, पण उशीर नडतो. टपाल, कस्टम्स, आयकरवाले आधी कॅटच्या (केंद्रीय प्रशासकीय लवादाच्या) मुंबई पीठाकडे: अर्जाचं शुल्क ५० रुपये, निवेदनाला सहा महिने उत्तर नाही तर त्यापुढे एका वर्षात अर्ज. गोव्याचा प्रशासकीय लवाद नावामुळे चकवतो. सरकारी बढतीचा वाद तिथे चालत नाही.

खरा फरक मागणीत आहे. ‘निवेदनावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या’ ही मागणी स्वस्त, बऱ्याचदा पहिल्या-दुसऱ्या सुनावणीतच निकाली निघते. वकिलांनाही सोपी. पण खात्याने ‘विचार केला, नामंजूर’ असं दोन ओळींचं पत्र काढलं की आदेशाचं पालन झालं, आणि तुम्ही पुन्हा पहिल्या पायरीवर. त्यापेक्षा ‘डीपीसी घ्या आणि माझा विचार करा’ ही मागणी मला भक्कम वाटते. बढती हा हक्क नाही, पण बढतीसाठी विचार होणं हा कलम १६ खालचा मूलभूत हक्क आहे, आणि तो विचार वेळेत व्हावा, असं २०१० च्या निकालात आहे. कनिष्ठाला बढती मिळाली असेल तर मात्र थांबू नका, अ‍ॅड-हॉक, म्हणजे तात्पुरती असली तरी. सहा महिने, फार तर वर्ष, हा १९७४ पासूनचा दंडक. त्या सहकाऱ्याला प्रतिवादी करावंच लागतं. रोज समोरच्या टेबलावर बसणाऱ्याला नोटीस जाणार, याची तयारी ठेवा.

चौकशीचं कारण देऊन नाव बाजूला ठेवलं असेल तर तुमची बाजू बहुधा सगळ्यात बळकट. १९९१ च्या जानकीरामन निकालानुसार सीलबंद पाकीट (डीपीसीचा तुमच्याबद्दलचा निष्कर्ष पाकिटात बंद करून ठेवणं) वापरायचं ते आरोपपत्र निघाल्यावरच. नुसती तक्रार किंवा प्राथमिक चौकशी पुरत नाही. डीपीसीच्या दिवशी आरोपपत्र निघालं होतं का, ती तारीख आधी बघा. उलट, भरती नियम दुरुस्तीत अडकलेत म्हणून बढती थांबली असेल तर कोर्टाकडून फार आशा नको: रिकामी जागा जुन्याच नियमांनी भरा, हा आग्रह २०२२ पासून चालत नाही.

माझं मत विचाराल तर, पाचेक वर्षं उरलीत आणि कुणी कनिष्ठ पुढे गेलेला नाही, तर निवेदन आणि माहिती अधिकाराचा अर्ज एकाच आठवड्यात द्या. रिक्त पद कधीपासून, डीपीसीचा प्रस्ताव कुठे अडला, गट ‘अ’चं पद असेल तर गोवा लोकसेवा आयोगाने फाईल कुठल्या त्रुटीसाठी परत पाठवली, हे मागा. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं, आणि त्यात मिळालेल्या फाईलवरच्या टिपण्याच पुढे याचिकेला जोडायच्या. वर्ष-दीड वर्षच उरलं असेल तर निवेदनाला महिनाभर द्या, नंतर वकील गाठा आणि अंतरिम आदेशाची मागणी पहिल्याच दिवशी करायला सांगा.

आदेश मिळूनही खातं हललं नाही, तर अवमान याचिकेची मुदत एक वर्षाची आहे.