बर्डीवरच्या तीन जुन्या डिस्क, आमचा कूलर अन् लुईस आल्बर्नी

मागच्या रविवारी कूलरसाठी खस घ्यायला नागपूरच्या बर्डीवर (सीताबर्डीच्या बाजारात) गेलो अन् खस राहिली बाजूला, तीन जुन्या डीव्हीडी घेऊन घरी आलो. दुकानाचं नाव नाही लिहीत, गल्लीतला छोटासा गाळा आहे, जुने चार्जर, रिमोट, डिस्क सगळं एकाच ढिगात. तिन्हीचे मिळून 150 रुपये. घासाघीस केलीच नाही, कारण ढिगात ‘इझी लिव्हिंग’ या जुन्या हॉलिवूड पिक्चरची डिस्क दिसली अन् हात थरथरायला लागला.

त्यात लुईस आल्बर्नी हा नट आहे ना. ओळखत नसाल, कोणीच ओळखत नाही. 1886 चा जन्म, बार्सिलोनाचा माणूस, 1914 ला जहाजाच्या सगळ्यात स्वस्त वर्गात बसून न्यूयॉर्कला आला, ब्रॉडवेवर डझनभर नाटकं केली अन् मग बोलपटात शिरला. त्या काळात बोलपट आले तशी मूकपटातल्या कितीतरी परदेशी हिरोंची उच्चारामुळे गोची झाली, याचं मात्र उलटं, मोडकीतोडकी इंग्रजी हेच याचं भांडवल. माणूस स्पेनचा पण पडद्यावर कधी इटालियन, कधी फ्रेंच, कधी रशियन. तिकडच्या लोकांना काय फरक पडत होता, आपल्या सिनेमात नाही का दक्षिणेतला कोणीही असो, ‘मद्रासी’ म्हणून खपवायचे.

तर पहिली डिस्क ‘स्वेंगाली’, 1931 ची. जॉन बॅरीमोर सगळा पिक्चर खाऊन टाकतो अन् आल्बर्नी त्याचा व्हायोलिनवाला चेला गेको. प्रिंट टुकार. चेहरे पिठात बुडवून काढल्यासारखे अन् मागे सारखी खरखर. या पिक्चरचे वाकडेतिकडे सेट बघण्यासारखे आहेत, पण ते या डिस्कवर अंधारातच गेले.

‘काउंट ऑफ माँटे क्रिस्टो’ (1934) तर विचारूच नका. रॉबर्ट डोनाट तुरुंगातून निसटतो अन् तिथेच डिस्क अडकते. आल्बर्नीचा जाकोपो यायचा तो यानंतरच! म्हणजे ज्याच्यासाठी घेतली तोच गायब. पुसून पाहिली, टूथपेस्ट लावून पाहिली, काही नाही. परत घेऊन गेलो तर दुकानवाला म्हणे, “दुकानात तर चालून राहिली होती भाऊ, दुसरी घ्या, 40 ला लावतो.”

पण ‘इझी लिव्हिंग’ (1937)! प्रिंट स्वच्छ, आवाज स्वच्छ, याच एका डिस्कसाठी 150 दिले असं समजतो. एक गरम डोक्याचा बँकवाला बायकोचा 58,000 डॉलरचा कोट गच्चीवरून फेकतो, तो खाली बसमधल्या जीन आर्थरच्या डोक्यावर पडतो अन् तिथून सगळा घोळ. आल्बर्नी यात मिस्टर लुई लुई, हॉटेलचा मालक, आधी आचारी होता, आता याच बँकवाल्याच्या कर्जात बुडालेला. त्याला वाटतं ही पोरगी म्हणजे बँकवाल्याची खास मैत्रीण, म्हणून तो तिला हॉटेलातला राजवाड्यासारखा सूट, म्हणजे मोठ्या खोल्यांचा संच, चणे-फुटाण्याच्या भावात देऊन टाकतो. तो सूट दाखवतानाचा सीन बघा, हात, भुवया, पोट सगळं एकाच वेळी बोलून राहिलं, अन् इंग्रजी अशी की शब्द येतात पण क्रियापद मागून धावत येतं.

बाबा शेजारी बसून ऐकत होते, त्यांना इंग्रजी पिक्चर आवडत नाहीत, पण म्हणाले, “अबे हा तर आपल्या लग्नातला केटरर आहे, पैसे बुडायची वेळ आली की असाच गोड बोलतो.” एकदम बरोबर.

अन् एक गोष्ट सांगायची राहिली. सबटायटल एकाही डिस्कला नाही अन् मे महिन्यात कूलर बंद करायला आईची परवानगी नाही (“त्या मेलेल्या लोकांसाठी आम्ही उकडून मरायचं का?”). बॅरीमोर जरा हळू बोलला की कूलरनं गिळला. आल्बर्नी मात्र आमच्या डबल फॅनच्या कूलरच्या वर ऐकू येतो. नाटकात शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा आवाज, माइक समोर आला म्हणून त्यानं तो कमी केलाच नाही बहुतेक.

तर दुकानाला पाचपैकी दोन स्टार, तेही ढीग उपसू देतात म्हणून. डिस्क घ्यायच्या आधी तिथेच लावून मधलाही भाग पाहून घ्या, नुसती सुरुवात नको. खस अजून आणायचीच आहे, तेव्हा या रविवारी परत जाणार, ‘द लेडी ईव्ह’ सापडली तर पाहतो, त्यात आल्बर्नी परत आचारी आहे.