रोझा वन: कमानीवर देखणा, तळटीपेत निकामी

बडोद्यातली गणपतीची कमान घ्या किंवा दांडिया बाजारातली पाटी, देवनागरी मथळा बहुधा एकाच जाडीच्या रेषेत असतो. जाड-बारीक रेषेचा डौल हवा असेल तर इंडियन टाइप फाउंड्री या फॉन्ट बनवणाऱ्या कंपनीचा ‘रोझा वन’ (२०१४) हा फॉन्ट जरूर वापरावा. गुगल फॉन्ट्सवर तो फुकट मिळतो, व्यावसायिक कामालाही चालतो. रोमन अक्षरं बोडोनीच्या, म्हणजे ठसठशीत जाड-बारीक रेषांच्या जुन्या इटालियन अक्षरशैलीच्या घराण्यातली आहेत. फॉन्ट मात्र एकाच वजनात मिळतो, वेगळी ठळक आवृत्ती नाही. सॉफ्टवेअरमधलं ‘बोल्ड’ दाबू नका. बारीक रेषा सुजतात, पोकळ्या बुजतात आणि फॉन्टचा जीवच जातो.

कामाला घेण्याआधी मथळा प्रत्यक्ष मापात छापा आणि सर्वांत बारीक रेषा मोजा. १० सेंमी उंचीच्या अक्षरात ती १ मिमी भरली, तर २ सेंमीच्या अक्षरात ०.२ मिमीच उरणार. ऑफसेट छपाईला काळ्या शाईत तेवढी निभावते. गडद पार्श्वभूमीवर पांढरं अक्षर असेल तर शाई दोन्ही बाजूंनी आत पसरते आणि रेषा तुटते. प्लॉटरवर (कापणी यंत्रावर) कापलेल्या व्हिनाइलची, म्हणजे चिकट प्लास्टिक पत्र्याची, गोष्ट आणखी नाजूक: नको असलेला भाग सोलताना बारीक पट्टी बरोबर उचलली जाते. तिथे २ मिमीपेक्षा कमी रेषा ठेवू नये. लग्नपत्रिकेत वधूवरांची नावं यात सुरेख दिसतात. मुहूर्त आणि पत्ता साध्या फॉन्टमध्येच हवा.

अक्षरांमधलं अंतर शून्यावर ठेवा. वाढवलंत की शिरोरेषेला फटी पडतात. दोन ओळींचा मथळा असेल तर वरच्या ओळीचा उकार खालच्या रफाराला भिडतो, म्हणून ‘गुरुपूर्णिमा’, ‘कीर्तन’ असे शब्द घालून ओळींतलं अंतर ठरवावं. इनडिझाइन या पानमांडणीच्या सॉफ्टवेअरमध्ये मजकूर जुळवणीसाठी ‘वर्ल्ड-रेडी कंपोझर’ हा पर्याय निवडा, नाहीतर ऱ्हस्व वेलांटी भलत्या जागी जाते आणि जोडाक्षरं फुटतात. छापखान्याला फाइल कर्व्ह करूनच (अक्षरांचे आकृत्यांत रूपांतर करून) द्यावी, पण मजकूर तपासून झाल्यावर, कारण मग शुद्धलेखन दुरुस्त करता येत नाही.

बडोद्याच्या दृष्टीने खरी उणीव म्हणजे यात गुजराती अक्षरं नाहीत. दुभाषी पाटीवर सॉफ्टवेअर परस्पर दुसराच फॉन्ट भरतं आणि खालची ओळ उपरी दिसते. गुजरातीसाठी त्याच फाउंड्रीचा ‘हिंद वडोदरा’ मुद्दाम निवडा. तो सरळ, एकसारख्या रेषेचा असल्याने स्पर्धा करत नाही. गुजरातीला शिरोरेषा नसल्यामुळे ती ओळ लहान भासते. ती थोडी मोठी करून डोळ्यांनी जुळवावी.