पंधरा सेंटिमीटरचं मनगट आणि डाइव्ह वॉच : आठ महिन्यांनंतर

आठ महिन्यांपासून हे डाइव्ह वॉच, म्हणजे पाण्याखाली बुडी मारणाऱ्यांसाठीचं घड्याळ, माझ्या हातात आहे. रात्री झोपताना तेवढं काढते. याआधीचं मात्र अकरा आठवड्यांत विकून टाकलं होतं, आणि त्यात त्या बिचाऱ्या घड्याळाचा काही दोष नव्हता. 42 मिमीची केस (घड्याळाची धातूची डबी), फोटोत देखणं, वेळेला चोख. माझ्या हातावर ते थोरल्याचा सदरा धाकट्याला घातल्यासारखं दिसायचं, एवढंच. हात टेकून खुर्चीतून उठायला गेले की चावी मळहातात रुतायची. संध्याकाळपर्यंत तिथे गोल लाल ठसा उमटलेला असायचा.

आत्ताचं घड्याळ : व्यास 38 मिमी, लग-टू-लग 45, जाडी साडेबारा, पट्ट्याची रुंदी 20, ऑटोमॅटिक, 200 मीटर खोलीपर्यंत पाणी सोसणारं. कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाही. माझ्या तक्रारी माझ्याकडच्या एका नगाच्या आहेत, आणि या मापांची चार-पाच घड्याळं शोधली तर कुणालाही सापडतील.

पहिल्या वेळी मी व्यास बघून फसले. लग म्हणजे केसला वर-खाली फुटलेले चार पाय, ज्यांत पट्टा अडकतो. वरच्या पायाच्या टोकापासून खालच्या पायाच्या टोकापर्यंतचं अंतर म्हणजे लग-टू-लग. घड्याळ मनगटावर बसणार की मनगटाबाहेर डोकावणार, हे त्या अंतरावर ठरतं. सेइकोचं एसकेएक्स 007 घ्या. व्यास 42.5 मिमी, लग-टू-लग साधारण 46. ट्यूडरचं ब्लॅक बे फिफ्टी-एट 39 मिमीचं, छोट्या मनगटांसाठी हमखास सुचवलं जाणारं, पण त्याचं लग-टू-लग 48 च्या जवळ जातं. म्हणजे साडेतीन मिमीने 'मोठं' असलेलं घड्याळ लांबीला आखूड निघालं. शिवाय डाइव्ह वॉचमध्ये बेझल, म्हणजे डायलभोवतीचं फिरणारं कडं, व्यासातला बराच भाग खाऊन टाकतं आणि डायल लहानच राहते. म्हणून 42 चं डाइव्ह वॉच 42 च्या पातळ कडेच्या साध्या घड्याळापेक्षा छोटं दिसतं.

मनगट मोजताना शिंप्याची टेप गुंडाळली की झालं, असं मलाही वाटायचं. पण घेर अर्धीच गोष्ट सांगतो. दोघींचा घेर 15 सेमी असला तरी एकीचं मनगट पाटासारखं सपाट असतं, दुसरीचं लाटण्यासारखं गोल. दुसऱ्या खरेदीच्या आधी मी खोक्याच्या पुठ्ठ्यातून 20 मिमी रुंदीच्या चार पट्ट्या कापल्या : 44, 46, 48 आणि 50 मिमी लांबीच्या. हाडाच्या किंचित मागे, जिथे घड्याळ बसतं तिथे, एकेक आडवी ठेवून बघितली. 46 ची पट्टी दोन्ही कडांना बरोबर टेकली. 50 च्या दोन्ही टोकांखाली बॉलपेनची रिफिल आरामात सरकत होती. विकलेल्या घड्याळाचं लग-टू-लग किती होतं ते मग शोधलं. पन्नास! पाच मिनिटांचं काम, आधी केलं असतं तर एक घड्याळ वाचलं असतं.

आकड्यांत न दिसणारी आणखी एक गोष्ट म्हणजे लगचा बाक. पाय खाली वळलेले असले तर घड्याळ हाताला कवटाळून बसतं. सरळ पुढे गेलेले असले तर 46 सुद्धा 48 सारखं वाटतं. हे बाजूने काढलेल्या फोटोतच कळतं, आणि विकणारे तोच फोटो टाकत नाहीत. माझ्या घड्याळाचे लग मागच्या झाकणाच्या पातळीपर्यंत उतरतात, त्यामुळे साडेबारा मिमीची जाडी अंगावर येत नाही. बाही अडकते, पण रोज नाही.

छोटं डाइव्ह वॉच म्हणजे खऱ्या घड्याळाची पातळ केलेली आवृत्ती, अशी समजूत मला भेटलेल्या बऱ्याच घड्याळवेड्या पुरुषांची आहे. 'बायकांचं' म्हणून जे पुढे केलं जातं त्यात बेझल कधी कधी फिरतही नाही, त्यामुळे ही समजूत आणखी घट्ट होते. पण 1953 मधली पहिली रोलेक्स सबमरीनर 37-38 मिमीच्या आसपासची होती. सेइकोचं पहिलं डाइव्ह वॉच, 1965 चं 62मास, तेही त्याच मापाचं. ब्लांपॅंचं फिफ्टी फॅदम्स 1953 चंच, ते मात्र तेव्हाही चाळिशीच्या पुढचं. ट्यूडरने 2023 मध्ये ब्लॅक बे 54 काढलं ते 37 मिमीचं. म्हणजे छोटं माप ही सवलत नाही, मूळ मापांपैकीच एक आहे.

घेताना व्यासापेक्षा जास्त वेळ घालवावा अशी गोष्ट म्हणजे आयएसओ 6425. हे डाइव्ह वॉचचं मानक. त्यात किमान 100 मीटर लागतात, प्रत्येक नग लिहिलेल्या खोलीपेक्षा 25 टक्के जास्त दाबाखाली तपासावा लागतो, आणि अंधारात 25 सेमीवरून वेळ वाचता यायला हवी. नुसतं '200 मीटर वॉटर रेझिस्टंट' लिहिलेलं घड्याळ सहसा आयएसओ 22810 खाली येतं, तिथे नमुन्यादाखल काही नग तपासले तरी चालतं. डायलवर 'डायव्हर्स' हा शब्द आहे की नाही, ते बघावं.

अंधाराची परीक्षा मी घरीच घेतली. छोट्या डायलवर लूम, म्हणजे अंधारात चमकणारा रंगही कमी, ही माझी धास्ती होती. रात्री दिवा मालवल्यावर पहिली पंधरा मिनिटं सगळंच उजळ दिसतं, त्यावर जाऊ नये. पहाटे चारला जाग आली तेव्हा बारावरचा त्रिकोण आणि तासकाटा स्पष्ट होता, मिनिटकाटा अंदाजाने. चालण्यासारखं आहे. तारीख मात्र मी वाचतच नाही. खिडकी एवढीशी की चाळिशी नाकावर असूनही घड्याळ तिरकं धरावं लागतं. परत घेतलं तर बिनतारखेचं घेईन.

बेझल मी समुद्रापेक्षा वॉशिंग मशीनसाठी जास्त वापरते. त्रिकोण मिनिटकाट्यासमोर आणला की किती मिनिटं गेली ते समोर. ते एकाच दिशेने फिरतं याचं कारण मला डायव्हिंग शिकवणाऱ्या प्रशिक्षकाने छान समजावलं होतं : धक्का लागून सरकलं तरी पाण्याखाली घालवलेला वेळ जास्तच दिसेल, कमी नाही. चूक झालीच तर माणूस लवकर वर येईल. माझ्या बेझलला 120 टकटक आहेत आणि पहिल्या महिन्यात ते इतकं घट्ट होतं की ओल्या बोटांनी फिरेना. कोमट पाणी आणि मऊ ब्रशने दोनदा धुतल्यावर सैल झालं.

समुद्रात दोनदाच गेले, 18 मीटरच्या आतच. खोली आणि वेळ डाइव्ह कॉम्प्युटर सांभाळतो. घड्याळ मी वर येताना पाच मीटरवरच्या तीन मिनिटांच्या थांब्यासाठी वापरलं. पण छोट्या मनगटाची खरी पंचाईत इथे कळली. उघड्या हाताला बसेल इतका आखूड रबरी पट्टा डायव्हिंगच्या 5 मिमी जाडीच्या रबरी सूटवरून पोचत नाही. सूटवरून पोचेल तो रोजच्या वापरात जीभ काढून बसतो. त्यात खाली गेलं की सूट दाबला जातो. दहा मीटरवर दाब दुप्पट होतो, त्या रबरातले हवेचे बुडबुडे आक्रसतात आणि वर घट्ट बांधलेलं घड्याळ खाली कोपराकडे घसरायला लागतं. काही पट्ट्यांवर चावीच्या बाजूला लाटांसारख्या घड्या असतात, त्या नक्षी म्हणून नाहीत. सेइकोने 1975 च्या 600 मीटरच्या घड्याळाबरोबर तसा पट्टा आणला तो याचसाठी, ताणून बांधलेल्या घड्या सूट आक्रसला की मिटत जातात. आणि हो, ज्या घड्याळासाठी मी पुठ्ठे कापत बसले होते, ते सूटवर सदऱ्याच्या बटणाएवढं दिसत होतं.

आता स्टीलच्या ब्रेसलेटबद्दल, कारण माझी खरी तक्रार तीच आहे. माझ्या घेराला पाच कड्या काढाव्या लागल्या. केसला जोडलेली पहिली कडी पुढे नाक काढलेली असेल तर ते नाक लग-टू-लगमध्ये धरायचं, हे मी वाचलं होतं आणि नीट तपासलंही. ब्रेसलेट लगपासून लगेच खाली पडतं, उत्तम. पण मनगटाच्या खालच्या बाजूचा विचारच डोक्यात आला नव्हता. क्लास्प, म्हणजे ब्रेसलेट बंद करायचा खटका, 41 मिमी लांब आणि जवळजवळ सपाट. माझं मनगट खालून गोल. वर 45 मिमीचं घड्याळ छान टेकलेलं आणि खाली 41 मिमीची फळी तरंगतेय, अशी गत. लॅपटॉपवर टाइप करताना ती आधी टेकते आणि घड्याळ बाहेरच्या बाजूला कलंडतं. कड्या इकडच्या तिकडे करून पाहिल्या, सहाच्या बाजूला एक कमी ठेवली, तेव्हा निम्मा त्रास गेला. दुपारी उकाड्यात हात फुगतो तेव्हा क्लास्पमधली पिन एक भोक पुढे सरकवते. सुईने. रोज.

चावी इथेही तीनवरच आहे, पण केस छोटी असल्यामुळे मळहातापर्यंत पोचत नाही. चारच्या जवळ चावी असलेली घड्याळं आणखी बरी. वेळ दिवसाला सात-आठ सेकंद पुढे जाते, रविवारी लावून घेते.

गेल्या पंधरवड्यात ब्रेसलेट काढून 110 आणि 65 मिमीच्या दोन तुकड्यांचा रबरी पट्टा लावलाय. घड्याळ हलकं झालं, कलंडणं थांबलं, आणि बकल एवढंसं असल्यामुळे टाइप करताना काही टेकत नाही. सूटवरून पोचणारा लांब पट्टा आणि पिना काढायचं हत्यार पोहण्याच्या पिशवीत टाकून ठेवलंय, सूट घालायची वेळ आली तर लागेल.