लोपेरा-मूफ : पोटुशी बाई, कॅमेरा आणि भाजीबाजार

लोपेरा-मूफ ही फ्रेंच दिग्दर्शिका अन्येस वार्दाची १९५८ ची फिल्म, जेमतेम १६-१७ मिनिटांची, ब्लॅक अँड व्हाइट, डायलॉग जवळजवळ नाहीतच, जॉर्ज देलरूचं म्युझिक आणि गाणी, बस. पॅरिसमधली रू मूफतार ही गल्ली आज टुरिस्टांनी फुललेली असते, पण तेव्हा तिथे हातावर पोट असलेली माणसं, एकटी म्हातारी, दारुडे, बेघर असे सगळे राहायचे. वार्दाला दिवस गेले होते, आणि तशा अवस्थेत ती घडीची खुर्ची घेऊन बाजारात जायची आणि १६ एमएम कॅमेऱ्याने शूट करत राहायची. लोकांना तिची सवय झाली असणार, कारण चेहरे इतके बिनधास्त आलेत ना!

सुरुवातच बघा. उघडं, श्वासाबरोबर हलणारं भरलेलं पोट, आणि लगेच बाजारातला भलामोठा लाल भोपळा, तो सुरीने चिरतायत, आतला गर आणि बिया ओरबाडून काढतायत. अंगावर सर्रकन काटा येतो. आपल्याकडे डोहाळजेवणाच्या कौतुकात बाईच्या मनातली भीती कोणी विचारतच नाही, इथे ती एका कटमध्ये थेट पोचते.

मधे मधे पडद्यावर शीर्षकांच्या पाट्या येतात, गरोदरपण, दारू, घालमेल, डोहाळे वगैरे, तेवढीच काय ती स्टोरी. मला सगळ्यात भिडला तो नुसत्या चेहऱ्यांचा भाग, कोणी नाक शिंकरतंय, कोणी भाव बघून तोंड वाकडं करतंय, आणि म्हाताऱ्या बायका पिशवी सावरत चाललेल्या. हे सगळे कधीतरी कुणाचं तान्हं बाळ होते, हे वार्दाच्या डोक्यात होतं असं तिनेच नंतर सांगितलंय, आणि ते कळल्यावर रस्त्यात पडलेल्या दारुड्याकडेही आपण वेगळ्याच नजरेने बघतो.

प्रेमी जोडप्याचा भाग मात्र मला उपराच वाटला, दिसायला सुंदर आहे पण वस्तीतून उगाच बाहेर नेतो. आणि झिंगलेल्या माणसाला न विचारता शूट करावं का हा प्रश्न मला अजून छळतोय, तिची नजर मायेची आहे म्हणून तो सुटत नाही.

तरी बघाच, विशेषतः स्वतः डॉक्युमेंटरी करणाऱ्यांनी. फक्त गाण्यांचे सबटायटल्स असलेली कॉपी शोधा, शब्द कळले नाहीत तर अर्धी गंमत जाते.