टिप धरून दरडोई ६९०: भिशीच्या जेवणात आम्ही कशा फसलो

आमची भिशी बारा जणींची. महिन्याला प्रत्येकी २,००० रुपये आणि जिची चिठ्ठी निघेल तिला २४,०००. पुण्यात कोथरूडला एकाच सोसायटीत राहतो, मुलं लहान असल्यापासूनच्या ओळखी. भिशीच्या दिवशी दुपारी बाहेर जेवायचं हे ठरलेलं. भिशीच्या पैशात आजवर एका रुपयाचाही घोळ झालेला नाही, हे आधी सांगते, कारण आम्ही फसलो त्याचं मूळ तिथेच आहे. जी बाई २४,००० रुपये ठरल्या तारखेला मोजून हातात ठेवते, ती जेवणाच्या बिलात हात मारेल अशी शंकाही कुणाला येत नाही. तिचं नाव लिहिणार नाही. ग्रुपची ॲडमिन तीच, म्हणून इथेही ॲडमिनच म्हणते.

जेवण झालं की वेटर काळ्या फोल्डरमध्ये बिल आणायचा, सोबत बडीशेप आणि खडीसाखर. आम्ही बडीशेपेकडे वळायचो. ॲडमिन फोल्डर स्वतःकडे ओढून घ्यायची आणि "थांबा गं, आत्ता मी भरते, नंतर पाठवा" असं म्हणत फोन घेऊन काउंटरवर जायची. आम्ही रिक्षात बसेपर्यंत ग्रुपवर मेसेज यायचा: "टिप धरून दरडोई ६९०." खाली क्यूआर. कधी ६२०, कधी ७१०. आम्ही लगेच पैसे पाठवून मोकळ्या. बिलाचा फोटो कधी आला नाही आणि आम्हीही कधी मागितला नाही. मैत्रिणीकडे हिशोब मागायचा म्हणजे आपणच हलकं व्हायचं, असं आमच्या पिढीच्या बायकांच्या मनात घट्ट बसलेलं आहे. "पैशाचं काय घेऊन बसलीस" हे वाक्य ऐकायची भीती असते. या भीतीवर चौदा महिने तिचं चाललं.

श्रावणात ती लेकीकडे नाशिकला गेली आणि त्या महिन्याचं जेवण माझ्याकडे आलं. नेहमीचंच हॉटेल, नेहमीचंच लांब टेबल. बिल मी कार्डाने भरलं आणि वेटरच्या हातात पाचशेची नोट दिली. विशी-बाविशीचा मुलगा. आठ-नऊ महिने तोच आमच्या टेबलावर असायचा. कुणाला ताक बिनमिठाचं लागतं, कुणाला भाजीत कांदा चालत नाही, हे त्याला न सांगता माहीत असायचं. नोट हातात धरून तो म्हणाला, "मॅडम, सुटे आणू का?"

मी म्हटलं, "सुटे कशाला? तुमच्यासाठी आहेत, सगळ्यांत वाटून घ्या."

तो क्षणभर नोटेकडे बघत राहिला. मग हळूच म्हणाला, "तुमच्या टेबलकडून पहिल्यांदाच मिळालं, मॅडम." तक्रार म्हणून नाही, खूश होऊन म्हणाला. माझ्या हातापायांतलं बळ गेलं. दर महिन्याला "टिप धरून" म्हणून आम्ही पैसे मोजले होते.

एवढ्यात कॅप्टन आला. "नेहमीच्या मॅडम ॲपवरून भरतात, वीस टक्के सुटतात. तुम्ही कार्डाने का भरलंत?" असं त्याने अगदी आपुलकीने विचारलं. मी त्याला आदल्या महिन्याची तारीख आणि टेबल सांगून बिल बघायला मिळेल का विचारलं. त्याने कॉम्प्युटरवर शोधून एक प्रत काढून दिली, वर "डुप्लिकेट" असं छापलेली. ती अजून माझ्याकडे आहे. झेरॉक्सही काढून ठेवली आहे, कारण हा थर्मल कागद पर्समध्ये राहिला तर काही महिन्यांत कोरा होतो. जुनी बिलं जपून ठेवणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

त्या बिलातले आकडे जसेच्या तसे देते. पदार्थांची बेरीज ६,४८०. त्यावर दहा टक्के सर्व्हिस चार्ज ६४८, म्हणजे ७,१२८. त्यावर अडीच टक्के सीजीएसटी आणि अडीच टक्के एसजीएसटी, प्रत्येकी १७८ रुपये २० पैसे. एकूण ७,४८४. ॲडमिनने यावर आणखी दहा टक्के, साधारण ७४८, "टिप" म्हणून धरले आणि बाराने भागून वरच्या आकड्याला पूर्ण करत ६९० काढले. इथपर्यंत गणित सरळ दिसतं. आता पुढचं बघा. ॲपवर तिला वीस टक्के सूट मिळाली, म्हणजे तिच्या खिशातून गेले ५,९८७. आम्हा अकरा जणींकडून तिच्या खात्यात आले ७,५९०. टिप दिलीच नाही. स्वतःचं जेवण फुकट झालं आणि वर १,६०३ रुपये घरी गेले. एका महिन्यात.

तुम्हाला यात एक दुहेरी गोष्टही दिसली असेल. सर्व्हिस चार्ज आणि टिप एकाच कामाचे पैसे आहेत. बिलात दहा टक्के आधीच लागलेले असताना त्या एकूण रकमेवर पुन्हा दहा टक्के धरणं म्हणजे एकाच वाढपाचे दोनदा पैसे, शिवाय करावरही टिप. टिप द्यायची तर ती पदार्थांच्या बेरजेवर काढायची, कर सोडून. इथे ती ६४८ झाली असती. आणि सर्व्हिस चार्ज हा सरकारचा कर नाही. नावात "सर्व्हिस" असल्यामुळे आमच्यातल्या निम्म्या जणी त्याला जुना सर्व्हिस टॅक्सच समजत होत्या. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ४ जुलै २०२२ ला मार्गदर्शक सूचना काढून सांगितलं की हॉटेलने तो आपोआप बिलात लावू नये, दुसऱ्या नावाने वसूल करू नये आणि बिलात मिळवून त्यावर जीएसटीही घेऊ नये. द्यायचा की नाही हे गिऱ्हाइकाने ठरवायचं. हॉटेलचालकांच्या संघटना त्याविरुद्ध कोर्टात गेल्या. २८ मार्च २०२५ ला दिल्ली उच्च न्यायालयाने त्यांच्या याचिका फेटाळल्या आणि त्या सूचना कायम ठेवल्या. तरीही बिलात तो दिसला तर "हा काढा" असं शांतपणे सांगायचं. नाही काढला तर ग्राहक हेल्पलाइनचा नंबर १९१५ आहे.

मी त्या मुलाला नंतर विचारलं होतं, बिलातल्या त्या दहा टक्क्यांतलं तुमच्यापर्यंत काय येतं? "पगार येतो, मॅडम. वेगळं असं काही हातात नाही," एवढंच तो म्हणाला. दुसऱ्या हॉटेलांत काय करतात ते मी सांगू शकत नाही. पण त्या दिवसापासून मी टिप हातातच देते.

घरी येऊन मी यूपीआयची यादी काढली. चौदा महिन्यांत माझ्या एकटीचे ९,१४० रुपये तिच्या खात्यात गेले होते. त्यातले न्याय्य किती आणि वरचे किती, हे आता काढता येणार नाही, कारण सगळी बिलं मिळाली नाहीत.

मी तिला फोन केला. भांडायला नाही, आधी विचारायला. ती म्हणाली, "टेबल मी बुक करते, सगळ्यांच्या मागे मी लागते, ॲपची मेंबरशिप माझ्या पैशाची. चार पैसे राहिले तर काय बिघडलं?" यातला मेंबरशिपचा मुद्दा मला अगदीच खोटा वाटत नाही. "सूट मी ठेवून घेते गं, चालेल ना?" असं तिने ग्रुपवर उघड विचारलं असतं तर आमच्यातल्या बऱ्याच जणी हो म्हणाल्या असत्या, मीसुद्धा. न सांगता ठेवली, तिथे ती चोरी झाली. मग मी विचारलं, "आणि टिप?" बराच वेळ ती काही बोलली नाही. मग म्हणाली, "सर्व्हिस चार्ज लावतात की ते. मग टिप कशाला?" मी म्हटलं, "मग मागितलीस कशाला?" तिने फोन ठेवला.

सवलतीचे पैसे आमचे होते, ते गेले. टिपेचे पैसे मात्र आमचेही नव्हते आणि तिचेही नव्हते. आम्ही ते त्या मुलांना दिलेले होते, फक्त तिच्या हातून जायचे होते. वर्षभर आम्ही त्यांना आणखी एक पोळी गरम आण, पाणी आण, एसी कमी कर म्हणत होतो आणि ती मुलं मनात काय म्हणत असतील? बारा बायका, तीन तास टेबल अडवून बसतात आणि एक रुपया ठेवत नाहीत. आमच्याबद्दलचं हे मत आमच्या नकळत तयार झालं, याचा मला पैशांहून जास्त त्रास झाला.

आणि बाई. आमच्यात एक निवृत्त शिक्षिका आहेत, त्यांना आम्ही सगळ्या बाईच म्हणतो. त्यांना पित्ताचा त्रास, त्यामुळे बाहेर गेल्या तरी फक्त दहीभात घेतात. आषाढातल्या त्या बिलात दहीभात १८० रुपयांना आहे. त्यांनीही ६९० पाठवले. श्रावणात बाई जेवणाला आल्याच नाहीत. भिशीचे पैसे शेजारणीबरोबर पाठवले आणि "उन्हात बाहेर पडवत नाही गं" म्हणाल्या. पावसाळ्यात. आम्हाला कुणालाही त्यात काही वावगं वाटलं नाही. हे प्रकरण कळल्यावर मी त्यांच्याकडे गेले, तेव्हा त्यांनी सांगितलं, "पेन्शनीत दर महिन्याला सातशे दहीभाताचे नाही गं परवडत. पण तुमच्यात बोलायचं कसं?"

इथे ॲडमिनला दोष देऊन चालणार नाही. समान वाटणीला आम्ही सगळ्याच माना डोलावत होतो. मी बिल घेऊन बसले आणि त्या दिवशीचा खरा हिस्सा काढला. रीत सोपी आहे: आपल्या पदार्थांची बेरीज, भागिले बिलातल्या सगळ्या पदार्थांची बेरीज, गुणिले प्रत्यक्षात भरलेली रक्कम. कर, सर्व्हिस चार्ज, सूट सगळं आपोआप त्या-त्या प्रमाणात वाटलं जातं. स्टार्टर किंवा भाजी जितक्या जणींनी खाल्ली तितक्यांतच भागायची. बाईंचे १८० भागिले ६,४८०, गुणिले ५,९८७, म्हणजे १६६ रुपये. वर दहा टक्के टिप १८ धरली तरी १८४. मी ४१० चं खाल्लं होतं. माझे ३७९ आणि टिप ४१, म्हणजे ४२०. सिझलर आणि मॉकटेल घेणाऱ्या एका मैत्रिणीचे पदार्थ ७६० चे, तिचे टिपेसकट ७७८ व्हायला हवे होते. म्हणजे ॲडमिनने एक पैसा खाल्ला नसता तरी बाईंच्या दहीभातातून दुसरीचं सिझलर जातच होतं. सगळ्यांनी साधारण सारखंच खाल्लं असेल तर खुशाल सारखं वाटावं. पण टेबलावर एक जरी कमी खाणारी असेल तर तिला बोलायला लावू नये, बाकीच्यांनीच आधी "तुझं वेगळं धरू" म्हणावं.

आता आमच्याकडे बिल आलं की आधी त्याचा फोटो ग्रुपवर पडतो, मग पैसे. भरल्याची पावतीही टाकायची, कारण बिलाची रक्कम आणि भरलेली रक्कम यांतच ती सूट लपते. बिल वाचताना एकदा पाण्याच्या दोन बाटल्या जास्त लागलेल्या सापडल्या, त्या कमी करून घेतल्या. एका लहान खानावळीच्या बिलावर "टॅक्स ५%" होता आणि जीएसटी क्रमांक कुठेच नव्हता. हा क्रमांक पंधरा अक्षर-अंकांचा असतो आणि महाराष्ट्रातला असेल तर २७ ने सुरू होतो. जी हॉटेलं कंपोझिशन योजनेत, म्हणजे लहान धंद्यांनी उलाढालीवर ठरावीक दराने जीएसटी भरायच्या सोयीत, असतात त्यांना गिऱ्हाइकाकडून कर वेगळा लावून घेता येत नाही. विचारल्यावर मालकाने तो काढला.

ॲडमिनने त्या एका महिन्याचे ६९० सगळ्यांना परत केले आणि ती ग्रुपमधून बाहेर पडली. तिची भिशी आधीच निघून गेली आहे, त्यामुळे उरलेले हप्ते ती देईल की नाही असं काहींना वाटत होतं. ते मात्र दर महिन्याच्या पाच तारखेला न चुकता येतात.

भाद्रपदात गौरी-गणपती आटोपल्यावर बाई आमच्याबरोबर आल्या. कॅप्टनला सांगून सर्व्हिस चार्ज काढून घेतला. बाईंचा दहीभात करासकट १८९ झाला. त्यांनी दोनशेची नोट दिली आणि वर पर्समधून वीस रुपये काढून वाढणाऱ्या मुलाच्या हातात ठेवले. तो नवा मुलगा होता. आम्ही सगळ्यांनी मिळून मागच्या टिपांचे म्हणून ३,००० रुपये पाकिटात घालून नेले होते. ते तिथल्या जुन्या पोरांत वाटले. आमच्या टेबलावरचा तो मुलगा पंधरा दिवसांपूर्वी काम सोडून गेला होता, कुठे ते कॅप्टनला ठाऊक नव्हतं, फोनही लागत नव्हता. त्याच्या वाट्याचे सातशे रुपये वेगळ्या पाकिटात माझ्या कपाटात आहेत. तो उदगीरकडचा आहे, एवढंच मला माहीत आहे.