हुकूम तिचा: पडद्यावर की समोरासमोर?
बाईने हुकूम सोडायचा आणि पुरुषाने मान तुकवायची, हा प्रौढांचा खेळ इंटरनेटच्या कितीतरी आधीचा. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला लंडनमध्ये टेरेसा बर्कली फटके खायला येणाऱ्या धनिकांवर गब्बर झाली. आज पर्याय दोन: व्हिडिओ, नाहीतर व्यावसायिक डॉमिनेट्रिक्सबरोबरचं, म्हणजे पैसे घेऊन हुकूम गाजवणाऱ्या बाईबरोबरचं, सेशन.

व्हिडिओ स्वस्त आणि घरबसल्या. पण संमतीची बोलणी बहुतेकदा संकलनात कापली जातात, उरतो नुसता दरारा. असे व्हिडिओ बनवणाऱ्या सॅन फ्रान्सिस्कोच्या किंक डॉट कॉमने चित्रणाआधी-नंतर कलाकारांच्या मुलाखती दाखवल्या, हे मला या धंद्यातलं सर्वांत शहाणपणाचं पाऊल वाटतं.

सेशन महाग, आणि अनेक देशांत कायद्याच्या दृष्टीने अडचणीचं. मात्र तिथे आधी चक्क वाटाघाटी होतात: काय चालेल, काय अजिबात नाही, दुखणीखुपणी कोणती. ‘नको, नको’ हा नाटकातला संवादही असू शकतो, म्हणून खेळ खरोखर थांबवायला वेगळाच सेफवर्ड ठरतो. म्हणजे गुडघे टेकलेल्या माणसाच्या हातीही लगाम असतो (आणि पाकीटही त्याचंच!). तिलाही नकार देता येतो. पडद्यावरची ‘मालकीण’ मात्र पुष्कळदा दिग्दर्शकाच्या तालावर नाचते.